उलट्या पायांची घोरपड

माझ्या चारही पंजांची शपथ, शेपटीची शपथ, आणि वरच्या कोपऱ्यात खिळ्याचं भोक आहे त्याचीही शपथ, मी आता सांगणार आहे त्यातला शब्द न् शब्द खरा आहे! कुणी हसायचं नाही. हसायचंच असेल तर आधी बाहेर जाऊन हसून या, मी थांबते.

मी एक जुनी पत्र्याची स्टेन्सिल आहे, मित्रांनो. स्टेन्सिल म्हणजे पत्र्यात आरपार कापलेलं चित्र. मला गाडीच्या दारावर धरायचं, वरून ब्रशनं रंग थापायचा, मला उचलायचं, की खाली चित्र उमटतं. माझ्या पोटात घोरपड आहे. वरून पाहिलेली, भिंतीला चिकटल्यासारखी, चार पाय पसरलेली.

मी फौजेतली. पायदळाच्या एका डिव्हिजनची खूण होते मी. कितव्या डिव्हिजनची ते विचारू नका. फौजेत वाढलेल्यांच्या तोंडाला तेवढं एक कुलूप असतं. बाकी माझ्या तोंडाला कुलूप नाही, ते तुम्हाला कळेलच.

साठ वर्षांपूर्वी एका उजाड माळावर तंबू ठोकून आमची डिव्हिजन उभी राहिली. एक बटालियन डोंगरातून आली, एक वाळवंटातून, तोफा आणखी तिसरीकडून. कुणी कुणाला ओळखेना. लग्नघरात पहिल्या दिवशी दोन्हीकडचे पाहुणे कसे एकमेकांकडे चोरून बघतात, तशी गत. जनरलसाहेब म्हणाले, सगळ्यांची मिळून एक खूण पाहिजे. कुणी वाघ सुचवला, कुणी तलवार. आणि तेवढ्यात साहेबांच्या तंबूत एक घोरपड शिरली आणि मधल्या खांबाला चिकटून बसली.

दोन जवानांनी ओढलं, सुटेना. चौघांनी ओढलं. मग सात जणांनी शेपटीला दोर बांधून ओढलं, तर खांब उपटून आला, तंबू उडाला, पण घोरपडीनं काही खांब सोडला नाही. आणि तंबूत साहेब अंघोळ करत होते. पुढचं मी सांगत नाही, मी चांगल्या घरची आहे. पण साबणाच्या फेसातूनच साहेब ओरडले, "हीच आपली खूण!"

मग वर्कशॉपच्या मिस्त्रीनं तुपाच्या डब्याचा पत्रा सपाट करून मला कापलं. अजून ऊन लागलं की मला तुपाचा वास येतो. मिस्त्रीचा हात पत्र्याला चांगला, चित्राला बेताचा. माझं तोंड आणि शेपूट त्यानं सारखंच निमुळतं कापलं. डोळे आणि जीभ मागाहून ब्रशनं काढायची. म्हणजे नुसत्या पत्र्याकडे पाहून तोंड कुठलं नि शेपूट कुठलं, हे मिस्त्रीला ठाऊक, नाहीतर मला. पंजे होते म्हणा, पण ते रंगानं बुजलेले. हातभर अंतरावरून नुसते डाग दिसायचे. दहा पावलं मागं सरलं की मग पंजे दिसायचे. हे लक्षात ठेवा, पुढं लागणार आहे.

आता डिव्हिजन म्हणजे केवढी, ते ऐका. अगदी सोपं आहे. एका पंक्तीत दहा जण जेवायला बसले की झाला सेक्शन. तीन पंक्ती म्हणजे प्लाटून. तीन प्लाटूनची कंपनी. अशा चार कंपन्या, शिवाय स्वयंपाकी, कारकून, उखळी तोफांवाले मिळून एक बटालियन, आठशेच्या वर माणूस. तीन बटालियनची एक ब्रिगेड. आणि इथून पुढं बोटांवर मोजायला नको, माझ्याकडेच बघा. माझे तीन पंजे म्हणजे पायदळाच्या तीन ब्रिगेड. चौथा पंजा तोफखान्याची ब्रिगेड. डोकं म्हणजे हेडक्वार्टर, तिथं जनरलसाहेब. लवलवणारी जीभ म्हणजे सिग्नलवाले, नखं म्हणजे वाट खणून देणारे इंजिनिअर, पोट म्हणजे रसदवाले. आणि शेपटीत दवाखाना नि वर्कशॉप. शेपटीला हसू नका. घोरपड पडायला लागली की शेपटीच तिला सावरते. मी त्या शेपटीत राहायचे, वर्कशॉपच्या खिळ्यावर.

किती गाड्यांवर बसले असेन! जीप, ट्रक, पाण्याचे टँकर, एकदा तर साहेबांच्या चुकून उभ्या राहिलेल्या म्हशीवर. काय लकाकायची ती! एकदा चढणीवर एका ट्रकचं इंजिन बंद पडलं, तर दारावरची माझी घोरपडच पंजे रोवून ट्रक वर घेऊन गेली. ड्रायव्हर झोपला होता, त्याला विचारा.

माझा सांभाळ करायचा तो पेंटर गुरुमूर्ती. तंजावरकडच्या मराठी घरातला पोरगा. रोज काम झालं की टर्पेंटाइननं मला पुसायचा, मऊ फडक्यात गुंडाळायचा. हात असा की एक थेंब ओघळायचा नाही. पण माणूस थोडा आखडू. घोरपडीचं काम फक्त आपल्यालाच यावं, असं त्याला वाटायचं. म्हणून त्यानं एक आगाऊपणा केला. माझ्या तोंडाकडच्या बाजूला, दिशा कळावी म्हणून, साधा बाण काढायचा सोडून त्यानं खिळ्यानं एक शब्द कोरला. 'तोंड'. आणि तोही मोडीत. मोडी म्हणजे मराठी लिहायची जुनी वळणावळणाची लिपी. गुरुमूर्तीच्या आजोबांनी ती त्याला शिकवली होती. अख्ख्या वर्कशॉपात दुसऱ्या कुणाला ती वाचता येत नव्हती, आणि गुरुमूर्तीला नेमकं तेच पाहिजे होतं.

मग वर्कशॉपात दुसरा पेंटर आला. दिनकर, साताऱ्याकडचा. गोरा, हसरा, बडबड्या. तो पाट्या नि नंबर रंगवायचा, घोरपडीला हात लावायची त्याला परवानगी नव्हती. दोघेही मराठी म्हणून सगळ्यांना वाटलं, आता यांची गट्टी जमणार. जमली कसली!

"काय रे तंजावर," दिनकर म्हणायचा, "तुझं मराठी ऐकलं की वाटतं, महाराजांच्या वेळचा माणूस सांबारात पडला."

"आणि तुमचं ऐकलं की वाटतं, कुणी पत्रा घासतंय," गुरुमूर्ती उत्तर द्यायचा.

हसत हसतच चालायचं, पण गुरुमूर्ती ते मनात साठवत होता. मला कळायचं. पुसताना त्याचा हात जड व्हायचा.

आणि गुरुमूर्तीचं लग्न ठरलं. मद्रासमधल्या मैलापूरची कनका. तो रजेवर निघाला त्याच आठवड्यात हुकूम आला की मोठा सराव आहे, तिसऱ्या ब्रिगेडच्या एक्केचाळीस गाड्यांना नवा रंग द्या आणि घोरपडी काढा. काम दिनकरकडे आलं. त्यानं मला हातात घेतलं, उलटंसुलटं केलं.

"तंजावर, हे काय खरडलंयस?"

गुरुमूर्तीची ट्रंक बांधून झालेली. दारातूनच म्हणाला, "मराठीच आहे की. खरं मराठी तुमचं ना? मग वाचा."

आता इथं दिनकरनं म्हणायला पाहिजे होतं की मला येत नाही. तीन शब्द! पण वर्कशॉपातले सगळे बघत होते. तो छाती काढून म्हणाला, "वाचीन की! त्यात काय!"

आणि गुरुमूर्ती गेला आपल्या लग्नाला.

दिनकरनं तो शब्द खूप वेळ पाहिला. शेवटी ठरवलं, हे 'शेपूट' असणार. पडताळून पाहायला जुनी घोरपडही नव्हती, वर्कशॉपात आलेल्या सगळ्या गाड्या नव्या रंगाखाली गेलेल्या. बाहीवरच्या बिल्ल्यावर मी असते, पण तिथं पंजे म्हणजे चार टाके. मी आतून ओरडत होते, अरे मेल्या, ते तोंड आहे! पण पत्र्याचं कोण ऐकतं? त्यानं एक्केचाळीस गाड्यांवर माझ्या शेपटाला डोळे काढले, जीभ काढली, आणि तोंडाला शेपूट करून टाकलं.

जनरलसाहेब पाहणीला आले. हे साहेब नवे, पण घोरपडी लहानपणापासून पाहिलेले. दहा पावलांवर थांबले. पहिली गाडी पाहिली, दुसरी पाहिली. मग त्यांचा चेहरा विटेसारखा झाला. ते हिंदीत ओरडले, मी मराठीत सांगते.

"डोळे पुढं आणि पाय मागं! माझ्या चारही ब्रिगेड पळून चालल्यात का? ही घोरपड आहे की चुडैल?"

झालं! पाय उलटे कुणाचे असतात, हे तुम्हाला मी सांगायला नको. दुपारपर्यंत जवान म्हणायला लागले, आमच्या गाडीवर हडळ बसलीय. चौकशी लागली. दिनकर खरं तेच बोलला, "पत्र्यावर काहीतरी लिहिलेलं होतं साहेब, माझ्या वाचण्यात चूक झाली." साहेब म्हणाले, पत्रा आणा.

चौकशीच्याच सकाळी गुरुमूर्ती रजेवरून परतला होता. हाताची हळदसुद्धा गेली नव्हती. त्याला सगळं कळलं. तो वर्कशॉपात आला, मला खिळ्यावरून काढलं, आणि मित्रांनो, त्यानं सँडपेपर घेतला. घासत राहिला, घासत राहिला. मोडी पुसली आणि त्या जागी पांढरा, सरळ, कुणालाही कळेल असा बाण काढला. फुंकर मारून वाळवला.

चौकशीत साहेबांनी मला हातात धरलं. "इथं तर बाण आहे. लिहिलेलं कुठं आहे?"

दिनकरनं गुरुमूर्तीकडे पाहिलं. गुरुमूर्ती जमिनीकडे बघत होता. वर्कशॉपातल्या बाकीच्यांना ती अक्षरं म्हणजे नुसते ओरखडे वाटलेले, तेव्हा साक्ष द्यायलाही कुणी नव्हतं.

दिनकरला बढती मिळून बाहीवर नायकाची फीत लागायची होती, ती अडकली. पण फितीचं एवढं नाही. त्याला नाव पडलं, चुडैल. ते पाडलं सुभेदार राघोत्तमनं, तोंडाचा फटकळ माणूस. "ए चुडैल, पाटी रंगव. ए चुडैल, चहा पी." डिव्हिजनमध्ये दहा-बारा हजार माणूस, सगळ्यांच्या तोंडी तेच. सहा महिन्यांत दिनकर बदली मागून गेला. जाताना गुरुमूर्तीशी बोलला नाही. मला मात्र फडक्यात नीट गुंडाळून ठेवलं.

पुढं माझी वर्षं गेली. मग छापील स्टिकर आले, रात्री चमकणारे, सोलून चिकटवले की झालं. पत्र्याला कोण विचारतो! गुरुमूर्ती हवालदार होऊन निवृत्त झाला तेव्हा भंगारात जाणारी मी त्याला निशाणी म्हणून मिळाले. तो चेन्नैजवळ आवडी गावाला आला, तिथल्या एका कारखान्यात रंगाचंच काम केलं, घर बांधलं. आणि मला माळ्यावर टाकलं. नवरात्रात तमिळ घरांत पायऱ्यांवर मांडतात त्या कोलूच्या बाहुल्यांच्या खोक्यामागं. बाहुल्या वर्षातून नऊ दिवस खाली जाऊन मिरवून यायच्या आणि मला टोमणे मारायच्या. वीस वर्षं मला कुणी हात लावला नाही. गुरुमूर्ती माळ्याकडे मान वर करून बघतच नसे. विसरला म्हणून नाही, मित्रांनो. आठवत होतं म्हणून.

परवाच्या जानेवारीत त्याच्या फोनवर निरोप आला. कनका चष्मा लावून मोठ्यानं वाचत होती.

"डिव्हिजनला साठ वर्षं झाली म्हणून चेन्नैतल्या जुन्या माणसांचा मेळावा आहे म्हणे. राघोत्तमनी लिहिलंय. भिंतीवर पहिली घोरपड काढायची, कुणाकडे जुना पत्रा आहे का? आणि खाली येणाऱ्यांची यादी. अय्यो! हे काय हो? 'दिनकर, कंसात चुडैल. मुलाकडे पेरुंगुडीला राहतो. येत नाही म्हणतो.'"

गुरुमूर्ती कॉफी फेसाळत होता. डबऱ्यातून, म्हणजे पसरट वाटीतून, टंबलरमध्ये, टंबलरमधून डबऱ्यात. थांबेचना.

"चाळीस वर्षं झाली," कनका म्हणाली. "तो माणूस इथून तासावर राहतो आणि तुमच्यामुळं घराबाहेर पडत नाही."

"माझ्यामुळं कसं? वाचता येत नव्हतं तर त्यानं सांगायचं."

"आणि घासलं कुणी? त्यानं? माझ्या लग्नाची हळद लागलेल्या हातांनी घासलंत तुम्ही. तापात बरळला होतात, मला सगळं ठाऊक आहे."

"कनका, पोदुम!" म्हणजे पुरे. चिडला की तो तमिळवर यायचा.

"पोदुम तर पोदुम," असं म्हणून कनका गप्प झाली.

तेव्हा मीच ठरवलं. अंग आक्रसलं, बाहुल्यांना कोपरानं बाजूला सारलं, आणि माळ्यावरून उडी मारली! हवेत दोन कोलांट्या घेतल्या आणि खणकन गुरुमूर्तीच्या पुढ्यात, कॉफीच्या टंबलरशेजारी येऊन पडले. थेंब सांडला नाही.

तो माझ्याकडे बघत राहिला. मग पंच्याच्या टोकानं त्यानं माझ्यावरची धूळ पुसली. अगदी पूर्वीसारखी, कडेकडेनं. आणि म्हणाला, "कनका, चप्पल घाल."

आवडीहून लोकल, मग दुसरी गाडी, मग ऑटो. मी कापडी पिशवीत, मुरुक्कूच्या, म्हणजे तिकडच्या चकलीच्या, पुड्याशेजारी. पेरुंगुडीला अकराव्या मजल्यावर दिनकरच्या सुनेनं, रुचिरानं, दार उघडलं. "बाबा, तुमच्याकडे कुणीतरी आलंय. आर्मीतले आहेत म्हणे." आणि आम्हाला हळूच म्हणाली, "बाबा आर्मीचं कधीच काही बोलत नाहीत हो."

दिनकर बाहेर आला. केस पांढरे, पाठ ताठ. गुरुमूर्तीला ओळखलं, पण बसा म्हणाला नाही. बसा रुचिरा म्हणाली.

गुरुमूर्ती उकाड्याबद्दल बोलला. अकराव्या मजल्यावर वारा चांगला येतो म्हणाला. लिफ्ट चांगली आहे म्हणाला. शेवटी कनकानं मला पिशवीतून काढलं आणि खिडकीपाशी टेबलावर ठेवलं.

खिडकीतून ऊन तिरपं येत होतं. आणि मित्रांनो, सँडपेपरनं रंग जातो, वरची कड जाते, पण खिळ्यानं खोल कोरलेलं सगळं जात नाही. चाळीस वर्षांत बाणाचा रंगही झडला होता. त्याखाली बारीक, वळणदार, चकाकत होतं.

दिनकरनं मला उचललं. उन्हात तिरपं केलं, सरळ केलं, पुन्हा तिरपं केलं.

"होतं तर," तो म्हणाला. अगदी हळू.

"मीच घासलं," गुरुमूर्ती म्हणाला. "चौकशीच्या सकाळी."

दिनकर मला घेऊन खुर्चीवर टेकला. मग म्हणाला, "फीत गेली त्याचं मला काही नाही रे. पण पुढं पुढं मलाच वाटायला लागलं की तिथं काही नव्हतंच. मला भास झाला असेल. बायको गेली माझी, तिलासुद्धा मी सांगितलं होतं, नसेल काही लिहिलेलं, मीच वेंधळा." त्यानं अक्षरांवरून बोट फिरवलं. "काय लिहिलंयस हे?"

"तोंड."

"आणि मी शेपूट वाचलं?"

"हो."

दिनकरच्या गालावर काहीतरी हललं. "निदान जनावर तरी बरोबर वाचलं." पण लगेच तो गंभीर झाला. "मला सांगून काय उपयोग? मला तर माहीत होतं. ज्यांना माहीत नाही त्यांना सांग."

"सांगतो," गुरुमूर्ती म्हणाला. "पण तू ये."

रविवारी मेळावा होता. सत्तर-ऐंशी म्हातारे, कुणी काठी घेऊन, कुणी कानात मशीन घालून, पण सगळे बरोबर दहाला हजर. सुभेदार राघोत्तम, वय ब्याऐंशी, पुढं उभा राहून हजेरी घेत होता. दिनकर मागच्या खुर्चीवर, दाराजवळ. निघून जाता येईल असा.

"दिनकर! अरे, चुडैल आली की!" राघोत्तम ओरडला. सगळे हसले.

गुरुमूर्ती उठला. मी त्याच्या हातात होते. "साहेब, एक रिपोर्ट द्यायचा आहे," तो म्हणाला. "चाळीस वर्षं उशीर झालाय."

आणि त्यानं सगळं सांगितलं. मोडी का कोरली, रजेवर जाताना काय टोमणा मारला, सँडपेपर, बाण, सगळं. काहीच लपवलं नाही. मग मला एकेकाच्या हातात दिलं. ऐंशी म्हाताऱ्यांनी मला खिडकीकडे नेऊन तिरपं करून पाहिलं. कुणी हसेना. एक जण म्हणाला, "गुरुमूर्ती, हे तू चांगलं नाही केलंस." गुरुमूर्ती म्हणाला, "नाही केलं."

राघोत्तमनं खिशातून पेन काढलं. यादीवर वाकला आणि एक शब्द खोडला. एकदा खोडून समाधान झालं नाही, तेव्हा कागद फाटेपर्यंत खोडला. मग पाठ ताठ करून त्यानं पुन्हा पुकारलं, "दिनकर, पेंटर!"

"हजर, साहेब!" दिनकर उभा राहिला. काय आवाज होता! खिडकीवरचे कावळे उडाले.

मग मला भिंतीवर धरलं. गुरुमूर्तीनं रंग थापला, चारही पंजे, शेपूट, पोट. मला उचललं. आणि ब्रश दिनकरपुढं धरला. "डोळे तू काढ."

दिनकर दहा पावलं मागं गेला. घोरपडीचे पंजे नीट पाहिले. पुढं आला, आणि बरोबर तोंडाला दोन डोळे काढले. जीभ जरा जास्तच लांब काढली. "तंजावरला दाखवतेय," म्हणाला.

आता मी गुरुमूर्तीच्या घरी बाहेरच्या खोलीत खिळ्यावर असते. महिन्यातून एकदा दिनकर येतो, दोघं मला टर्पेंटाइननं पुसतात आणि कुणाचं मराठी खरं यावरून भांडतात. कनका दोघांनाही गप्प करते.

एवढीच माझी गोष्ट, मित्रांनो. तंबूचा खांब उपटला, ते खरं आहे. घोरपडीनं ट्रक ओढला, तेही खरं आहे, म्हैस तर अगदी खरी. पण शपथ घेतली आहे म्हणून एक कबूल करते. मी उडी मारली नव्हती.

पत्रा कसला उडी मारतो! कनका पोदुम म्हणून गप्प झाली, आणि तशीच उठून तिनं स्टूल ओढलं. तिचे दोन्ही गुडघे दुखतात, डॉक्टरांनी चढू नको म्हणून सांगितलंय. ती भिंतीला धरून चढली, बाहुल्यांचं खोकं सरकवलं, मागं हात घातला, जाळ्यांतून मला काढलं, आणि एक शब्द न बोलता त्याच्या टंबलरशेजारी ठेवलं. कॉफीसुद्धा सांडली, खूप सांडली.

तुमच्याही घरी माळ्यावर असं काहीतरी असेल, ज्याच्याकडे घरातलं कुणीतरी मान वर करून बघत नाही. ते आपण होऊन खाली येणार नाही, मित्रांनो. कुणाला तरी स्टुलावर चढावं लागतं. चढाल तेव्हा भिंतीला धरा.